ऑस्ट्रियांतील शेतकऱ्याचें मूल व शाळा

युरोप खंडांतील ऑस्ट्रिया हा देश आमच्या वाचकांस बहुधा तेथील संगीतामुळें, अथवा तेथील युवराजाच्या १९१४ सालच्या खुनानंतर पहिलें महायुद्ध पेटलें एवढ्याच कारणानें, माहीत असेल. शिक्षण व तत्त्वज्ञान या दोन विषयांत त्या देशानें जगास जें दिलें त्याचा विचार आपल्याकडे फारसा होत नाहीं. आणि झालाच तर तो पंडितांपुरता राहतो. वस्तुतः या इतिहासाचा बराच भाग शेतकऱ्याच्या अंगणांत घडलेला आहे. मुलानें शाळेंत जावें कीं गुरांमागें जावें, त्याच्या शिक्षणाचा खर्च कोणीं सोसावा, गुरुजींचा अधिकार कोठपर्यंत चालावा, आणि शिकलेल्या मुलाचा घरास उपयोग काय, या प्रश्नांवर तेथें दीडशें वर्षें वाद झाले.

आमचें शिक्षण मराठी शाळेपुरतेंच झालें व पुढील आयुष्य महसूल खात्याच्या दप्तरांत गेलें. तेव्हां तत्त्वज्ञानाची चिकित्सा करण्याचा अधिकार आम्ही सांगत नाहीं. परंतु जमा व खर्च या दोन्ही बाजू पाहिल्याशिवाय खातें बंद करूं नये, ही संवय त्या दप्तरानें आम्हांस लाविली. त्याच संवयीनें हें खातें येथें वाचकांपुढें मांडतों.

राणीचा हुकूम

अठराव्या शतकाच्या मध्यास ऑस्ट्रियाच्या गादीवर मारिया थेरेझिया ही राणी होती. तिची कारकीर्द १७४० ते १७८० अशी चाळीस वर्षांची. शेजारच्या प्रशियाचा राजा दुसरा फ्रेडरिक यानें तिच्या सायलेशिया प्रांताचा बहुतेक भाग बळकाविला होता, आणि तो परत मिळविण्यासाठीं झालेल्या लढायांत तिचा खजिना रिता झाला होता. हुकूम समजणारी व सरकारी देणें वेळेवर देण्याइतकी कमावती प्रजा असल्याशिवाय राज्य उभें राहत नाहीं, हें तिच्या दरबारानें ओळखलें. अशांत १७७३ सालीं जेझुइट पंथ बरखास्त झाला. या पंथाच्या ताब्यांत पुष्कळ शाळा व मोठी मालमत्ता होती. ती शिक्षणाकडे वळविण्याची संधि आयतीच आली.

आतां माणूस हवा होता. तो राणीनें ज्या शत्रूनें तिचा प्रांत घेतला त्याच्याच राज्यांतून मागून आणिला. योहान इग्नाट्स फेल्बिगर हे प्रशियाच्या ताब्यांतील सागान येथील मठाधिपति असून त्यांनीं तिकडील शाळा सुधारून नांव मिळविलें होतें. बी चांगलें असेल तर तें कोणाच्या शेतांतलें हें पाहूं नये, एवढें शहाणपण त्या राणीस होतें. फेल्बिगर यांनीं तयार केलेला सर्वसाधारण शालेय कायदा ६ डिसेंबर १७७४ रोजीं जाहीर झाला. सहाव्या वर्षापासून सहा वर्षें प्रत्येक मुलास व मुलीस शिक्षण द्यावें, असें त्यांत ठरलें. गांवोगांवीं वाचन, लेखन, गणित व धर्म शिकविणारी साधी शाळा, जिल्ह्यास एक मोठी शाळा, आणि प्रांताच्या राजधानींत शिक्षक तयार करणारी नमुना शाळा, अशी तिची पायरी होती. पूर्वी गुरुजी एकेका मुलास पुढें बोलावून शिकवीत व बाकीचीं मुलें रिकामीं बसत. फेल्बिगर यांनीं साऱ्या वर्गास एकदम शिकविण्याची रीत घालून दिली. आज ती इतकी सर्वत्र आहे कीं कोणीतरी ती सुरू केली असेल हेंच आपल्या ध्यानांत येत नाहीं.

या कायद्यांतील एक गोष्ट शेतकऱ्यानें विशेष लक्षांत घ्यावी. लहान मुलें उन्हाळ्यांत शाळेंत जात व कामास येणारीं थोरलीं मुलें मुख्यतः हिवाळ्यांत. तिकडे हिवाळ्यांत शेतें बर्फाखालीं असतात. नांगरणी, गवतकापणी व सुगी हीं सारीं उन्हाळ्यांत. म्हणजे कायदा करणाऱ्यानें आधीं शेतकऱ्याचें पंचांग पाहिलें व मग शाळेचें वेळापत्रक आंखलें. तरीहि अंमल एका दिवसांत झाला नाहीं. कित्येक गांवांत शिक्षकास पगार अपुरा, इमारत नाहीं, आणि आईबाप नाराज, अशी स्थिति अनेक वर्षें होती.

एका गांवशाळेचें पीक

त्या कायद्यानंतर अट्ठेचाळीस वर्षांनीं, १८२२ सालीं, ऑस्ट्रियाच्या ताब्यांत राहिलेल्या सायलेशियांतील हाइन्त्सेनडॉर्फ या खेड्यांत एका शेतकऱ्याच्या घरीं मुलगा झाला. हें गांव आज चेक देशांत आहे. बाप आंटोन मेंडेल याची स्वतःची शेती होती, पण आठवड्यांतून तीन दिवस त्यास जमीनदाराच्या शेतांत वेठ करावी लागे. कामाचे सहा दिवस धरले तर निम्मी मेहनत दुसऱ्याच्या बांधावर. अशा घरांतील एकुलता एक मुलगा शेतीवरून उठवून शाळेंत पाठविणें म्हणजे केवढें धाडस, तें आमच्या वाचकांस सांगावयास नको.

गांवांत शाळा होती. तिचे शिक्षक थोमास माकिट्टा व तेथील धर्मगुरु श्राइबर हे मुलांस पुस्तकाबरोबर फळझाडांची कलमें कशीं बांधावीं हेंहि शिकवीत. मुलाची हुशारी त्यांनीं ओळखली व त्यास पुढील शिक्षणास पाठविण्याची गळ बापास घातली. मुलगा परगांवीं गेला. पण पूर्ण जेवणाचा खर्च घरास झेपेना, म्हणून अर्ध्या खुराकीवर राहिला. १८३८ सालीं वेठीचें काम करीत असतां लांकडाचा ओंडका अंगावर येऊन बाप कायमचा अधू झाला. मुलगा शिकवण्या करून पोट भरूं लागला. १८४१ सालीं बापानें शेती जांवयाच्या नांवें करून दिली. धाकटी बहीण थेरेझिया हिनें आपल्या हुंड्यासाठीं ठेवलेला कांहीं भाग भावाच्या शिक्षणासाठीं सोडला. एवढें करूनहि भागेना, तेव्हां १८४३ सालीं तो ब्रनो येथील मठांत दाखल झाला आणि तेथें त्यास ग्रेगोर हें नांव मिळालें.

हाच तो ग्रेगोर मेंडेल. शिक्षकाची सरकारी परीक्षा त्यानें १८५० सालीं दिली, तींत तो नापास झाला. १८५६ सालीं पुन्हां बसला, तेव्हांहि यश आलें नाहीं. तथापि १८५४ ते १८६८ अशीं चौदा वर्षें ब्रनोच्या शाळेंत त्यानें बदली शिक्षक म्हणून काम केलें. याच काळांत, १८५६ पासून १८६३ पर्यंत, मठाच्या बागेंत त्यानें वाटाण्याचीं हजारों झाडें लाविलीं, त्यांचा हातानें संकर केला, आणि प्रत्येक पिढींत कोणत्या गुणाचीं किती निघालीं हें मोजून ठेविलें. गोल दाण्याची व सुरकुतलेल्या दाण्याची जात एकत्र केली असतां पहिल्या पिढींत सारे दाणे गोल निघाले. ते पेरून दुसऱ्या पिढींत ७,३२४ दाणे आले, त्यांत गोल ५,४७४ व सुरकुतलेले १,८५०. म्हणजे जवळजवळ तीनास एक. संकरित वाणाचें बी दुकानांतून आणून पेरलें तर पीक एकसारखें येतें, पण त्याच पिकांतील दाणा पुढील वर्षीं बियाण्यास ठेवला तर झाडें भिन्नभिन्न निघतात, हा आजच्या शेतकऱ्याचा अनुभव आहे. पहिल्या पिढींत झांकला गेलेला गुण दुसऱ्या पिढींत पुन्हां डोकें वर काढतो. त्याचें गणित या मोजणींत आहे.

मेंडेल यानें हें काम १८६५ सालच्या फेब्रुवारी व मार्च महिन्यांत ब्रनो येथील निसर्गविज्ञान मंडळापुढें वाचलें व १८६६ सालीं तें छापलें गेलें. कोणीं फारशी दखल घेतली नाहीं. १८६८ सालीं तो मठाधिपति झाला. पुढें मठांच्या मालमत्तेवर १८७४ च्या कायद्यानें कर बसला, तो अन्यायाचा आहे असें म्हणून त्यानें देण्याचें नाकारलें आणि सरकारशीं त्याचा लेखी झगडा अखेरपर्यंत चालला. तेथील महसुली कारकुनांस त्याच्या पत्रांचा किती ताप झाला असेल याची कल्पना आम्हीं स्वानुभवानें करूं शकतों. तो १८८४ सालीं वारला. त्यानंतर सोळा वर्षांनीं, १९०० सालीं, ह्यूगो द व्हरीस, कार्ल कॉरेन्स व ऑस्ट्रियन एरिख चेर्माक यांच्या लेखांमुळें त्याचा शोध जगापुढें आला.

थेरेझियाच्या हुंड्याची परतफेडहि झाली. मेंडेल यानें तिच्या तीन मुलांच्या शिक्षणास मदत केली व त्यांपैकीं दोघे डॉक्टर झाले. घरचें कर्ज एका पिढींत फिटलें. जगाचा लाभ मात्र चौतीस वर्षांनीं दिसूं लागला. शाळेचें पीक कोणत्या सालीं पदरांत पडेल हें पेरतांना सांगतां येत नाहीं.

वेठ गेली, शाळा वाढली

याच सायलेशियांत, मेंडेलच्या जन्मानंतर एक वर्षानें, हान्स कुडलिख हा दुसरा शेतकरीपुत्र जन्मला. तो कायदा शिकण्यास व्हिएन्ना येथें गेला. १८४८ सालीं ऑस्ट्रियांत क्रांति होऊन लोकप्रतिनिधींची सभा भरली, तींत तो सर्वांत तरुण सभासद होता. जुलै महिन्यांत त्यानें ठराव मांडला कीं शेतकऱ्यांवरील वेठ व इतर जमीनदारी बंधनें रद्द व्हावीं. ७ सप्टेंबर १८४८ रोजीं त्याचा कायदा झाला. वेठीची किंमत ठरवून तिचा एक तृतीयांश जमीनदारानें सोडला, एक तृतीयांश शेतकऱ्यानें दिला व एक तृतीयांश सरकारी तिजोरींतून भरला गेला. क्रांति मोडल्यावर कुडलिख परदेशीं पळाला. त्याच्यामागें त्यास मृत्यूची शिक्षा फर्माविली गेली. तो अमेरिकेंत वैद्यकी करून राहिला व १९१७ सालीं तेथेंच वारला. वेठ मात्र परत आली नाहीं. एका शिकलेल्या शेतकरीपुत्रानें सभेंत उभें राहून मागितलें, तें हजारो निरक्षर बापांस शतकानुशतकें मागतां आलें नव्हतें.

स्वतंत्र झालेल्या या शेतकऱ्यापुढें पुढील प्रश्न वीस वर्षांनीं आला. १४ मे १८६९ रोजीं, लिओपोल्ड हास्नर हे शिक्षणमंत्री असतां, नवा प्राथमिक शिक्षणाचा कायदा झाला. शाळा धर्मसंस्थेच्या देखरेखींतून निघून सरकारच्या देखरेखींत आल्या, शिक्षकांस रीतसर प्रशिक्षण मिळूं लागलें, आणि सक्तीचें शिक्षण सहा वर्षांवरून आठ वर्षांवर, म्हणजे सहाव्या वर्षापासून चौदाव्यापर्यंत, गेलें. यावर खेड्यांतून मोठी ओरड झाली. धर्मगुरूंचा विरोध होताच. पण शेतकऱ्याचें गाऱ्हाणें निराळें होतें. बारा ते चौदा या वयांत मूल गुरें राखतें, गवत गोळा करतें, लहान भावंडें सांभाळतें. तीं दोन वर्षें कायद्यानें घेतलीं व मोबदला कांहींच दिला नाहीं. शेवटीं २ मे १८८३ च्या दुरुस्तीनें सहा वर्षें शाळा झालेल्या खेड्यांतील मुलांस हजेरींत सवलत मिळाली.

ही सवलत सुधारणेचा पराभव म्हणून पुष्कळ लेखकांनीं वर्णिली आहे. आमचें मत थोडें वेगळें आहे. शेतकऱ्याच्या गाऱ्हाण्यांत तथ्य होतें. परंतु सवलतीनें त्याची गरज भागली आणि त्याच्या मुलाचें नुकसान झालें. शहरांतील मूल आठ वर्षें पूर्ण शिकलें, खेड्यांतील मूल मागें राहिलें. पुढें कचेरींत, बाजारांत व न्यायालयांत दोघे समोरासमोर आले तेव्हां तो फरक कोणत्या दुरुस्तीनें भरून निघणार होता?

कोट्यधीशाचा मुलगा खेड्यांत

आतां ज्याचें नांव तत्त्वज्ञानाच्या ग्रंथांत मोठ्या अक्षरांनीं लिहिलें जातें, त्या माणसाकडे वळूं. लुडविग विट्गेनस्टाइन हा १८८९ सालीं व्हिएन्ना येथें पोलादाच्या धंद्यांतील एका अतिशय श्रीमंत घराण्यांत जन्मला. पहिल्या महायुद्धांत सैन्यांत असतां त्यानें तर्क व भाषा यांवरील एक लहानसा ग्रंथ पुरा केला. तो १९२१ सालीं जर्मनमध्यें व १९२२ सालीं इंग्रजी भाषांतरासह निघाला, आणि त्यानें पंडितांत खळबळ उडाली. पण तोंपर्यंत ग्रंथकर्त्यानें वडिलोपार्जित संपत्तीचा आपला वांटा भावंडांस देऊन टाकला होता, शिक्षकाचें प्रशिक्षण घेतलें होतें, आणि १९२० पासून दक्षिणेकडील डोंगरांतील ट्राटेनबाख या गरीब खेड्यांत तो मुलांस पाढे शिकवीत होता. पुढें पुखबर्ग व ओटरटाल या गांवीं मिळून त्याची ही नोकरी १९२६ पर्यंत चालली.

तो शिक्षक म्हणून कसा होता? दोन तऱ्हेचा. मुलांस तो व्हिएन्नास नेई, वाटेंत दगड व वनस्पती ओळखावयास लावी, इमारतींच्या बांधणीचे प्रकार दाखवी. मेलेल्या मांजराचीं हाडें साफ करून त्यांचा सांगाडा त्यानें मुलांकडून जुळवून घेतला. शुद्धलेखनासाठीं मोठे कोश महाग व खेड्यांतील मुलांस निरुपयोगी आहेत असें पाहून त्यानें मुलांकडूनच शब्दांच्या वह्या करविल्या आणि त्या अनुभवावरून प्राथमिक शाळांसाठीं एक छोटा शब्दकोश रचला. तो १९२६ सालीं छापला गेला व त्यांत सुमारें ५,७०० शब्द आहेत. मुलाच्या बोलींतील शब्द घ्यावे, आणि मुलानें आपली चूक आपण शोधावी, हा त्याचा हेतु. हयातींत त्याचीं दोनच पुस्तकें निघालीं: एक पंडितांस कठीण जाणारें, आणि दुसरें खेड्यांतील दहा वर्षांच्या मुलासाठीं.

दुसरी बाजू अशी. तो अतिशय तापट होता. गणित न समजणाऱ्या मुलांस, मुलींसहि, तो केंस ओढून व थोबाडींत मारून शिक्षा करी. आणि ऑस्ट्रियाच्या शाळा-नियमांत मारण्यास मनाई होती. हुशार मुलांस तो शाळा सुटल्यावर तासन्‌तास बसवून घेई. घरीं गुरें व गवत वाट पाहत असे. एका हुशार मुलास आपल्या खर्चानें पुढें शिकविण्याची त्यानें तयारी दाखविली, पण बाप कबूल झाला नाहीं. गांवकऱ्यांविषयीं त्यानें आपला मित्र बर्ट्रांड रसेल यास लिहिलेल्या पत्रांत फार कडवट शब्द घातले आहेत. अखेर १९२६ च्या एप्रिल महिन्यांत ओटरटाल येथें त्यानें मारल्यावर अकरा वर्षांचा एक अशक्त मुलगा बेशुद्ध पडला. गांव खवळलें. विट्गेनस्टाइननें राजीनामा दिला. चौकशी झाली, तींत त्यास दोषमुक्त ठरविण्यांत आलें, पण तो पुन्हां खेड्यांत शिक्षक झाला नाहीं. दहा वर्षांनीं, १९३६ सालीं, तो त्या भागांत परत गेला आणि आपण ज्या मुलांस मारलें होतें त्यांतील कांहींच्या दारीं जाऊन त्यानें क्षमा मागितली.

पुढें केंब्रिज येथें प्राध्यापक असतां त्यानें भाषेविषयीं जें नवें तत्त्वज्ञान मांडलें तें त्याच्या १९५१ सालच्या मृत्यूनंतर, १९५३ सालीं, प्रसिद्ध झालें. त्याचा आरंभच मूल शब्द कसें शिकतें या प्रश्नानें होतो. गवंडी एक शब्द उच्चारतो आणि मदतनीस तो दगड आणून देतो, असें त्यांतील उदाहरण आहे. शब्दाचा अर्थ कोशांत नसून कामांत असतो, असा त्याचा साधारण भावार्थ. "बैलांस पाणी दाखव" हें औताजवळ उभें राहून ऐकणाऱ्या आमच्या पोरास हा सिद्धांत अवघड वाटूं नये. ट्राटेनबाख व ओटरटालच्या मुलांकडून तो काय शिकला याची चर्चा विद्वान अजून करतात. त्या खेड्यांनीं त्यास शिकविलें हें आम्हांस उघड दिसतें. फक्त त्याची फी मुलांच्या गालांवर वसूल झाली.

या भांडणांत चूक कोणाची? मुलाची बुद्धि वाया जाऊं नये, हें गुरुजींचें म्हणणें खरें. मूल आमचें आहे, त्यास मारूं नका, आणि त्याच्या कष्टावर घर चालतें हें समजून घ्या, हें बापाचें म्हणणेंहि खरें. माकिट्टा गुरुजी आंटोन मेंडेलकडे गेले तेव्हां ते त्याच गांवांतले होते व कलमें बांधणारे होते. बापानें त्यांचें ऐकलें. विट्गेनस्टाइन विद्वत्तेनें शंभरपट मोठा, पण गांवाशीं त्याचें बोलणें कधीं जुळलें नाहीं. बापानें त्याचें ऐकलें नाहीं. या दोन गोष्टी शेजारीं ठेवून पाहाव्या.

व्हिएन्नाचे सुधारक

विट्गेनस्टाइन खेड्यांत होता त्याच काळांत व्हिएन्ना येथें ओटो ग्लॉकेल या शिक्षकपुत्राच्या हातीं शाळांचा कारभार होता. तो १८७४ सालीं जन्मला. तरुणपणीं राजकीय मतांमुळें त्याची शिक्षकाची नोकरी गेली होती. साम्राज्य मोडून १९१८ सालीं प्रजासत्ताक झाल्यावर तो शिक्षणखात्याचा प्रमुख झाला व १९२२ पासून व्हिएन्नाच्या शालेय मंडळाचा कार्यकारी अध्यक्ष. त्याचीं तत्त्वें तीन: मुलानें स्वतः करून शिकावें, शिक्षणाची सुरुवात मुलाच्या आसपासच्या मुलखापासून व्हावी, आणि लहान वयांत विषयांचे कप्पे पाडूं नयेत. १९३४ च्या फेब्रुवारींत लोकशाही मोडली गेली तेव्हां ग्लॉकेल यास पकडण्यांत आलें. पुढील वर्षीं तो वारला.

या सुधारणांच्या वातावरणांत तयार झालेल्या शिक्षकांत कार्ल पॉपर हा एक होता. जन्म १९०२. त्यानें सुतारकामाची उमेदवारी केली, व्हिएन्नाच्या नव्या शिक्षणसंस्थेंत प्रशिक्षण घेतलें आणि शाळेंत शिकविलें. १९३४ सालीं निघालेल्या ग्रंथांत त्यानें विज्ञानाची कसोटी सांगितली: जो दावा खोटा ठरण्याची वाटच ठेवीत नाहीं, तो विज्ञानाचा दावा नव्हे. ही कसोटी शेतकऱ्यानें खिशांत बाळगावी. एखादें टॉनिक विकणारा येतो. पीक आलें तर टॉनिकचा गुण, न आलें तर हवेचा दोष, असें तो सांगतो. त्यास विचारावें, "काय झालें म्हणजे तुमचें औषध निरुपयोगी असें तुम्हीं कबूल कराल?" उत्तर नसेल तर पैसे देऊं नयेत. आणि अर्ध्या वाफ्यास औषध घालून अर्धा तसाच ठेवावा व मेंडेलप्रमाणें मोजावें.

खात्याची बेरीज

आपल्याकडे २००९ सालच्या कायद्यानें सहा ते चौदा वर्षांच्या मुलास मोफत शिक्षणाचा हक्क मिळाला आहे. वयाची हीच मर्यादा ऑस्ट्रियानें १८६९ सालीं घातली होती, आणि हरकतहि तीच आहे, फक्त ती आतां दुसऱ्याच्या घरांत आहे. आमच्या वाचकांचीं स्वतःचीं मुलें बहुतेक शाळेंत जातात. पण ऊसतोडणीच्या हंगामांत आमच्या फडांत जो कोयता येतो, त्या जोडप्याबरोबर त्यांचीं मुलेंहि येतात. त्यांची गांवची शाळा अर्ध्या वर्षावर पडते. साखरशाळांचे प्रयत्न झाले, तरी बांधावर बसलेलीं मुलें आम्हीं नोकरींत असतां पाहिलीं आहेत व आजहि दिसतात. आंटोन मेंडेल ज्या शेतांत वेठ करी त्या शेताचा एक मालक होता. मालकाच्या त्या जागीं आज आपण उभे आहों, हें विसरूं नये.

म्हणून आमची सूचना एवढीच. आपल्या फडावर टोळी येईल तेव्हां तींत शाळेच्या वयाचीं मुलें किती, याची यादी मुकादमाकडून घ्यावी व ती जवळच्या शाळेच्या मुख्याध्यापकांस नेऊन द्यावी. हंगामापुरतें त्यांस वर्गांत बसूं द्यावें असा आग्रह धरावा. आणि शाळा लांब असेल तर मुलांच्या जाण्यायेण्याची सोय दोनचार बागाईतदारांनीं मिळून करावी. खर्च फार नाहीं. त्यांतलें कोणतें मूल वाटाणे मोजील आणि कोणतें सभेंत उभें राहून वेठ उठवील, हें आज कोणासहि ठाऊक नाहीं. तीं सारीं शाळेंत आलीं पाहिजेत, एवढें मात्र ठाऊक आहे.